रुंदी १०२४, उंची ७६८

शनिवारी दुपारी, अख्खं गाव जेवून आडवं झालेलं असताना, ब्रिंगासांच्या घरात मांजराने मॉनिटर पाडला. मांजराचं नाव इन्स्पेक्टर. रेल्वेच्या खऱ्या इन्स्पेक्टरांनी लागुना पार्दाच्या स्टेशनात येऊन कधी खुर्चीसुद्धा हलवली नव्हती, फक्त चहापाणी करून जायचे. या चारपायी इन्स्पेक्टरने एका उडीत जे करायचं ते केलं. मुलाने वाढदिवसाला पाठवलेला तो मोठा रुंद मॉनिटर तोंडावर आपटला आणि त्याच्या काचेला इकडून तिकडे चिरा गेल्या.

एवारिस्तो ब्रिंगास मटकन खाली बसला. एकाहत्तर वर्षांचा माणूस, त्यातली एकेचाळीस रेल्वेत गेलेली, शेवटची वीस स्टेशनमास्तर म्हणून. गाव अजून त्याला मास्तरच म्हणतं.

"रडतोस काय म्हाताऱ्या, मॉनिटर होता, गाय नव्हती," त्याची बायको देल्मिरा स्वयंपाकघरातून म्हणाली.

"उद्या रुफिनो येणार आहे."

यावर देल्मिराने हातातलं काम टाकलं. हात पुसत बाहेर आली आणि तीही त्या चिरांकडे बघत उभी राहिली.

गोष्ट अशी होती. लागुना पार्दाहून सान एल्पिदिओला जाणारा रेल्वेचा फाटा बारा वर्षांपूर्वी बंद झाला. रुळांवर गवत वाढलं, स्टेशनात कुणीतरी मेंढ्या बांधल्या. मास्तरने एक हिवाळा घरात चिडचिड करत काढला. दुसऱ्या हिवाळ्यात निदियाने, म्हणजे औषधाच्या दुकानाशेजारी कॉम्प्युटर दुरुस्त करते तिने, त्याला पेन ड्राइव्हवर आगगाड्यांचा एक जुना खेळ भरून दिला. रूळ टाकायचे, स्टेशनं बांधायची, गाड्या सोडायच्या. मास्तरने काय करावं? सगळा फाटाच पुन्हा बांधायला घेतला. नऊ स्टेशनं, पाण्याची टाकी, धान्याची कोठारं, वळणावरचा तो वेडावाकडा पूलसुद्धा. दोन हिवाळे लागले. सुंभ जळला तरी पीळ जात नाही म्हणतात, तो हा पीळ.

आणि सगळ्यात शेवटी त्याने किलोमीटर २१४ बांधलं. ते स्टेशन नव्हतंच. माळावरची एक पत्र्याची शेड, एक घंटा, एक निलगिरीचं झाड आणि रुफिनो लेदेस्मा. त्या थांब्याला दुसरं नावही कुणी दिलं नाही. रुफिनोने हिरवं निशाण दाखवलं तर गाडी थांबायची, नाहीतर शिट्टी मारून निघून जायची. आज एकोणऐंशीचा झालाय, डोळे गेलेत अर्धे, पण तक्रार तीच: "छापील वेळापत्रकात मला एक ओळ दिली नाही तुम्ही मास्तर लोकांनी. खाली बारीक अक्षरात एक टीप. तिलाही चष्मा लागायचा."

सोमवारी रुफिनो कायमचा दक्षिणेला चालला होता, कोमोदोरोला, लेकीकडे. दीड हजार किलोमीटर. या वयात तिथून कोण परत येतं? रविवारचं जेवण शेवटचं. आणि मास्तरने त्याला शब्द दिला होता की जायच्या आधी तुझा थांबा तुला दाखवतो.

निदिया दुकानात सापडली हे नशीब. भाचीचा पंधरावा वाढदिवस होता, म्हणजे लग्नाएवढा सोहळा, आणि ती गावाने करून दिलेले केक आणि कुणाकुणाचे झगे गाडीत भरून रोसारिओला निघाली होती.

"एवढाच आहे मास्तर," तिने फडताळातून एक जुना चौकोनी मॉनिटर काढला. "जड आहे, सांभाळून न्या. आणि ऐका. तुमच्या खेळाला रुंद पडद्याची सवय लागलेली आहे. याच्यावर चालू केलात की काळोख होईल. खेळात जाऊन बदलताही येणार नाही, कारण दिसणारच नाही काही."

"मग?"

"खेळाच्या फोल्डरमध्ये एक छोटी फाइल आहे, सेटिंग्जची. ती नोटपॅडमध्ये उघडते. तिच्यात रुंदी १९२० आणि उंची १०८० लिहिलंय. तिथे १०२४ आणि ७६८ करा. सेव्ह करा. संपलं. पोराबाळांचं काम आहे."

मास्तरने ते सगळं वहीत उतरवून घेतलं. शाईने.

घरी येऊन त्याने मॉनिटर जोडला, खेळ आधी तसाच चालू करून पाहिला, आणि निदिया म्हणाली होती तसंच झालं. पडदा काळा, आणि त्या काळोखात एक छोटी चौकट इकडून तिकडे भटकत होती. तिच्यात लिहिलं होतं: सिग्नल मर्यादेबाहेर.

"एकेचाळीस वर्षांत माझा एक सिग्नल मर्यादेबाहेर गेला नाही," मास्तर पडद्याला म्हणाला. मग निदियाने मागे शिकवलेली दोन बटणं दाबून त्याने खेळ बंद केला, फाइल शोधली, उघडली. चष्मा पुसला. लिहिलं. सेव्ह केलं. खेळ चालू केला.

पुन्हा काळोख, पुन्हा ती भटकी चौकट.

त्याने खेळ बंद करून फाइल उघडली आणि त्याच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. त्याने लिहिलेलं एक अक्षरही जागेवर नव्हतं. रुंदी १९२०, उंची १०८०, जणू कुणी हातच लावला नव्हता.

"देल्मिरा, माझी नोंद कुणीतरी पुसलीय."

"मांजराने पुसली असेल."

"चेष्टा नको. सरकारी नोंद पुसणं गुन्हा आहे."

"कसलं सरकार आणि कसलं काय," देल्मिरा एम्पानादांचं, म्हणजे खिम्याच्या करंज्यांचं, पीठ मळता मळता म्हणाली. "पुन्हा लिही."

त्याने पुन्हा लिहिलं. पुन्हा गेलं. तिसऱ्यांदा लिहिताना त्याने इन्स्पेक्टरला खोलीबाहेर काढून दार लावून घेतलं, न जाणो. तिसऱ्यांदाही गेलं. संध्याकाळ व्हायला आली. मास्तर येर्बाची, म्हणजे कडू चहाची, नळी तोंडात धरून बसला होता, पण भांड्यातलं पाणी कधीच गार झालं होतं. उद्या रुफिनो येईल, खुर्ची ओढून बसेल, आणि आपण त्याला काळा पडदा दाखवायचा. म्हणेल, बरोबर आहे मास्तर, माझ्या वाट्याला तुम्ही लोकांनी कायम हेच दिलंत. मास्तरला खरोखर भरून आलं. मग देल्मिरानेच पुढे होऊन निदियाला फोन लावला आणि फोन त्याच्या कानाला लावला.

पलीकडे वाजंत्री जोरात चालली होती. "मास्तर, इथे केक कापायचाय. झालं नाही अजून?"

"ही फाइल अप्रामाणिक आहे. मी लिहितो, ती पुसते."

"नक्की काय लिहिता? वाचून दाखवा बरं. जसंच्या तसं."

मास्तरने चौथ्यांदा लिहून ठेवलेलं होतंच. त्याने ते गाड्यांची घोषणा करायचा त्या आवाजात वाचलं: "रुंदी १९२०, रद्द. त्याऐवजी १०२४ वाचावे. शनिवार, सतरा वाजून चाळीस मिनिटे. सही, ए. ब्रिंगास."

 पलीकडे निदिया इतकी हसली की कुणीतरी तिला काय झालं म्हणून विचारायला आलं.

"मास्तर, सही कशाला केलीत?"

"मग? बेसही खाडाखोड करू? नोंदवहीत चुकलं तर रबर लावायचं नाही, एक रेघ मारायची, बाजूला बरोबर आकडा, वेळ, सही. जुना आकडा वाचता आला पाहिजे. उद्या अपघात झाला तर चौकशी कशावर होते?"

"अहो, तिथे चौकशीला कोणी येत नाही. खेळ ती फाइल वाचतो. त्याला हवा असतो निव्वळ आकडा. तुमची सही आणि घड्याळ बघून त्याला काही कळत नाही, मग तो अख्खी फाइल टाकून देतो आणि स्वतःची जुनी पुन्हा लिहितो. रद्द म्हटलेलं त्याच्या लेखी रद्द होत नाही. पुसायलाच लागतं."

"पूर्ण?"

"पूर्ण. काही मागे ठेवायचं नाही. जाते मी, भाची रुसली." फोन ठेवला गेला.

मास्तर कीबोर्डकडे बघत राहिला. एकेचाळीस वर्षांत त्याने एक आकडा पुसला नव्हता. फाटा बंद झाला त्या दिवशी वरून हुकूम आला होता, नोंदवहीतली पुढच्या महिन्याची पानं फाडून टाका. तीसुद्धा त्याने फाडली नाहीत, रेघ मारून कपाटात ठेवली.

"पूस, म्हाताऱ्या," देल्मिरा त्याच्या खांद्यावर पिठाचा हात ठेवून म्हणाली. "कागदावर लिहून ठेव हवं तर, आणि पूस."

हे त्याला पटलं. त्याने आपल्या वहीत जुने दोन्ही आकडे तारखेवार उतरवले, सही केली, शाई वाळू दिली. मगच एका बोटाने, एकेक करत, १९२० पुसलं. सही पुसताना त्याचा हात जरा अडला. शेवटी तिथे उरलं फक्त १०२४, आणि खाली ७६८. उघडंबोडकं, कुणाचं नाव नाही, गाव नाही.

खेळ चालू केला. पडदा उजळला आणि लागुना पार्दाच्या फलाटावर दुपारची गाडी उभी होती. देल्मिराने त्याच्या शर्टावर पिठाची पाची बोटं उमटवून ठेवली होती, हे त्याला झोपताना कळलं.

रविवारी रुफिनो काठी टेकत आला. काखेत वर्तमानपत्रात गुंडाळलेलं काहीतरी होतं. जेवणाआधीच त्याने खुर्ची ओढली.

"दाखव तुझं ते. मला दिसणार नाही हे आत्ताच सांगतो. मागे तुझ्या त्या लांबड्या पडद्यावर मुंग्या होत्या नुसत्या. सगळं तूच वाचून दाखवत होतास."

मास्तर धास्तावला. चौकोनी पडद्यावर फाट्याचा जेमतेम एक तुकडा मावत होता, रुंद पडद्यासारखा ऐसपैस दिसत नव्हता. त्याने माळ सरकवत सरकवत आणला, पूल गेला, कोठारं गेली, आणि निलगिरी दिसल्यावर तो थांबला.

रुफिनो पुढे वाकला. 

"किलोमीटर," तो अक्षर लावत म्हणाला, "दोनशे चौदा."

मास्तरने पडद्याकडे पाहिलं. त्याच्या आत्ता लक्षात आलं. आकडे लहान केल्यावर पडद्यावरचं सगळं मोठं झालं होतं. पाटीवरचं अक्षर बोटाएवढं होतं. शेडचा पत्रा दिसत होता, घंटा दिसत होती.

"मी वाचलं," रुफिनो म्हणाला. "मास्तर, हे मी वाचलं. टीप नाही, मधोमध आहे."

"मधोमधच आहे."

"घंटा उजव्या हाताला हवी."

"उजव्याच हाताला आहे, नीट बघ."

तेवढ्यात कोपऱ्यातून धूर दिसला. सान एल्पिदिओची गाडी येत होती. रुफिनोने इकडेतिकडे पाहिलं, टेबलावरचा देल्मिराचा हिरवा रुमाल उचलला, खुर्चीतून उठला आणि हात लांब करून पडद्यासमोर धरला. देल्मिरा ताटं घेऊन येत होती, ती दारातच थांबली. कुणी हसलं नाही.

गाडी हळू झाली आणि शेडसमोर थांबली.

रुफिनोने रुमाल खाली केला. मग वर्तमानपत्र सोडवून त्याने आतली वही बाहेर काढली. किलोमीटर २१४ ची नोंदवही, कडा उंदराने खाल्लेल्या. "तिकडे घेऊन काय करू? तुझ्याकडे ठेव." त्याने शेवटचं लिहिलेलं पान उघडलं. त्याच्या मोठ्या, वाकड्या अक्षरात तिथे एकच ओळ होती: आजपासून इथे गाडी थांबणार नाही.

"आता हे चूक झालं की नाही?" रुफिनो म्हणाला. "कर दुरुस्त. नियमाने."

मास्तरने खिशातलं पेन काढलं. त्या ओळीवर एक सरळ रेघ मारली, खालचं अक्षर वाचता येईल अशी. बाजूला लिहिलं: गाडी थांबली. रविवार, तेरा वाजून अठरा मिनिटे. सही केली. रुफिनोने खाली आपली केली, आणि डोळे बारीक करून भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं.

"एकोणीस," तो म्हणाला. "वेळ अठराची होती, एक मिनिट उशीर. तेही लिही."

मास्तरने तेही लिहिलं.