ब्रेकच्या दिवशीचं काम

सरकारी नियमाप्रमाणे त्या मंगळवारी सुखलाल कोष्टी नोकरीत नव्हता. दर तीन महिन्यांनी त्याला एक दिवसाचा ‘ब्रेक’ दिला जाई. सलग नोकरी केली असं त्याला कुणापुढे म्हणता येऊ नये, एवढाच त्यामागचा उदात्त हेतू. त्या दिवशी तो ऑफिसात मागच्या दाराने येई. बाकी फरक काही नाही. बुंदेलखंडातल्या त्या कालव्याच्या ऑफिसात कॉम्प्युटरवर टाइप करणारा दुसरा माणूसच नव्हता.

सव्वीस वर्षं रोजंदारीवर. कायम करा म्हणून जबलपूरच्या हायकोर्टात अर्ज टाकला, तोही आता जुनाट झाला होता. निवृत्तीला दोन वर्षं उरली होती. त्याआधी निकाल लागला तर पेन्शन, नाही तर रामराम. मागच्या तारखेला न्यायाधीशांनीच वैतागून सरकारला बजावलं होतं, की बुधवारपर्यंत उत्तर आलं नाही तर उत्तरावाचूनच निकाल देऊ.

तेच उत्तर टाइप करायला ऑफिसचे प्रमुख पटैरिया साहेबांनी आज सुखलालला बोलावून घेतलं होतं.

“लिहा सुखलालजी. अर्जदार गरजेपुरता, अधूनमधून कामाला येत असे.”

“लिहिलं.”

“या कार्यालयात टायपिंगचं नियमित काम नाही.”

सुखलालने शेजारच्या फायलींच्या ढिगाकडे पाहिलं. “मग हे उद्या केलं तर चालेल?”

“छे छे, ते संध्याकाळपर्यंत हवंय. पुढे लिहा. अर्जदार आजही सेवेत नाही.”

“खरं आहे,” सुखलाल म्हणाला आणि तेही टाइप केलं.

साहेब चहाला गेले तसे शेजारच्या टेबलावरचे कारकून सोनी बाबू खुर्ची सरकवत जवळ आले. “कक्का, मशीन बिघडलं म्हणा ना! जिवंतपणी स्वतःचंच तेरावं घालताय!”

“आणि उद्यापासून मला हजेरीवर कोण घेणार? तुम्ही?”

सोनी बाबूंना एकदम कुठलीशी फाईल आठवली.

बुधवारी सुखलाल कोर्टात मागच्या बाकावर बसला होता. न्यायाधीशांनी उत्तराचं शेवटचं पान वर धरलं.

“इथे खाली कोपऱ्यात ‘सु. को.’ लिहिलंय. हे कोण?”

प्रत्येक कागदाखाली टाइप करणाऱ्याने आपली आद्याक्षरं घालायची, हा ऑफिसातला जुना शिरस्ता. बोटांनी तो न विचारता पाळला होता.

त्याचे वकील, नायक, ताडकन उठले. “सुखलाल कोष्टी, माय लॉर्ड! खुद्द अर्जदार! तारीख कालची. काल तो सेवेत नव्हता असं वरच लिहिलंय.”

कोर्टात हशा पिकला. सरकारी वकिलांनी चष्मा पुसला आणि माहिती घेण्यासाठी मुदत मागितली. ती मिळाली. चार आठवडे.

“जिंकलात म्हणून समजा!” जिन्यात नायकांनी त्याची पाठ थोपटली. सुखलालला फक्त एवढंच समजलं, की आणखी एक तारीख पडली.

गुरुवारी साहेब दारातच उभे होते. “काय करून ठेवलंत हो! वर काय तोंड दाखवू मी? बसा. नवं उत्तर करू. लिहा, सदर टायपिंग बाजारातल्या दुकानातून करून घेतलं.”

सुखलाल बसला. बोटं कळांवर ठेवली. शूरपणा वगैरे काही अंगात आला नाही, पाठ तेवढी दुखत होती. आजवर या हातांनी पुष्कळ खोटं टाइप केलं होतं, पण त्यात हे हात तरी त्याचेच होते. आता तेही दुकानदाराचे व्हायचे होते.

त्याने बोटं उचलली.

“मग दुकानातूनच करून घ्या, साहेब.”

“म्हणजे? सुखलालजी, हजेरीचा विचार करा.”

“सव्वीस वर्षं तोच केला.”

तो उठला आणि पुढच्या दाराने बाहेर आला. घरी जावं, तर बायको विचारणार, इतक्या लवकर कसे? तो चपराशाच्या बाकावर उन्हात बसला. आतून साहेब एकेक कळ शोधत असल्याचा आवाज येत होता. टक्. बराच वेळ काही नाही. मग पुन्हा टक्.

“कक्का,” सोनी बाबू खिडकीतून कुजबुजले, “साहेब विचारतायत, छापायची कळ कुठली?”

सुखलालने डोळे मिटून घेतले.

“सांगा, तो आज सेवेत नाही.”