तुटका इंच

"घात झाला, ठके!" कपाटात डोकं घालून आजोबा म्हणाले. फळी एक इंच आखूड निघाली होती.

त्यांनी ती पुन्हा लावून पाहिली, जणू दटावल्यावर ती वाढणार होती. मग चष्मा काढून ते स्टुलावर बसले. "डोळ्यांनी दगा दिला. पन्नास वर्षं सुतारकी केली, आता पुरे. हत्यारं देऊन टाकू कुणाला तरी."

त्यांची नात ठकी कोपऱ्यात भुसा झाडत होती. चोराच्या मनात चांदणं. तिचा झाडूवरचा हात थांबला. काल आजोबांचा डोळा लागला असताना मदत म्हणून फळीवर रेघ तिनंच मारली होती. त्यांच्या लाकडी पट्टीचा पहिला इंच कधीच तुटून गेला होता, म्हणून आजोबा मापात न चुकता एक वाढवत. ती नेमकं तेच विसरली. उठल्यावर आजोबांनी रेघ आपलीच समजून फळी कापली.

मूग गिळून बसलं असतं तर कुणाला कळणार नव्हतं. पण आई दूरच्या गावी नोकरीला, आजी जाऊन दोन वर्षं झालेली. घरात दिवसभर आवाज असायचा तो करवतीचा. तोही बंद झाला तर दोघं एकमेकांकडे बघत बसणार. नुसत्या विचारानंच तिला रडू आलं.

"आजोबा, रेघ मी मारली होती. एक वाढवायचा राहिला."

आजोबांनी चष्मा पुन्हा डोळ्यांवर चढवला.

"आधी का नाही बोललीस?"

"भीती वाटली."

"आणि मला काय कमी वाटली?" त्यांनी कानावरची पेन्सिल तिच्या हातात दिली. "घे दुसरी फळी. मोठ्यानं मोज."

तिनं मोठ्यानं मोजलं, एक वाढवला, रेघ मारली. आजोबांनी खुशीत करवत चालवायला घेतली. अर्ध्यावर थांबून त्यांनी विचारलं, "रेघेवरच आहे ना?"

'हो' अगदी तिच्या ओठांवर आलं होतं.

"नाही आजोबा. बाहेर चाललीय."

त्यांनी करवतीवरचा हात सावकाश काढला. "ये. धर."

करवत तीनदा अडकली, मग चालू लागली. आवाज आजोबांच्या हातच्या करवतीसारखा नव्हता. फळी दोन्ही हातांनी दाबून धरून, मान खाली घालून आजोबा तो ऐकत राहिले.