केस हलवणारी फाईल

गोर्नो ब्रेझे गावच्या वाचनालयाच्या सभागृहात त्या सकाळी तीनच माणसे होती, आणि तिघांचीही नजर पडद्यावर खिळली होती. पडद्यावर, संगणकाच्या खेळात, कुकेर उड्या मारत होता: हिवाळ्यात मुखवटा आणि केसाळ झगा घालून गावातली भुते पळवणारा नाचा. त्याच्या कमरेच्या घंटा घणघणत होत्या, पायाखालचा बर्फ उडत होता. मात्र डोक्यापासून घोट्यापर्यंत लोंबणारे बोकडाचे लांब केस जागचे तसूभरही हलत नव्हते.

"याला बघून भुतं पळायची नाहीत," कोस्तादिन म्हणाले. "फार तर बाटल्या धुवायचा ब्रश समजून घरी घेऊन जातील."

कोस्तादिन चाळीस वर्षे गावच्या कुकेरांचे म्होरके होते. मुखवटे आणि केसाळ झगे यांची छायाचित्रे त्यांनी खेळासाठी काढू दिली होती, पण परवानगीच्या कागदावर सही केली नव्हती. केस खऱ्यासारखे हलले तर सही, असे त्यांनी बजावले होते. आणि तेही वाचनालयाच्या संगणकावर. "तुमच्या यंत्रावर काय, दगडसुद्धा नाचेल," हे त्यांचे शब्द. सही झाली नाही, तर कुकेराला खेळातून वगळावे लागणार होते, आणि त्याच्याबरोबर झ्लातिनाची दोन वर्षांची मेहनतही.

कारण त्या केसांची सगळी करामत झ्लातिनाची होती. खेळ एका फाईलला हाक मारतो आणि ती फाईल प्रत्येक बटेचे वजन, वारा आणि हिसका यांचा हिशेब करून उत्तर देते, अशी तिची रचना. फाईलने उत्तर दिले नाही तरी खेळ बंद पडत नाही. केस तेवढे स्तब्ध राहतात.

"ऑफिसमध्ये हलत होते, काका. अगदी कालपर्यंत," झ्लातिना म्हणाली. तिचा आवाज बारीक झाला होता.

"आमच्या गावचा एक जण घरी फार उत्तम गातो. लग्नात मात्र त्याला कुणी बोलवत नाही."

तिसरे, नेद्याल्को पेयचिनोव, संगणकासमोर बसले, त्यांनी चष्मा पुसला आणि खेळाची सगळी फाईल-यादी वरपासून खालपर्यंत बोट फिरवून वाचली. तीस वर्षे तंत्रविद्यालयात त्यांनी मुलांना हेच शिकवले होते: आधी पाहा, मग बोला. झ्लातिना त्यांचीच विद्यार्थिनी, आणि निवृत्तीनंतर ब्लागोएवग्रादच्या त्या छोट्या कंपनीत तपासनीस म्हणून त्यांना तिनेच नेले होते.

यादीत केसांची फाईल नव्हती.

"पाठवायच्या यादीत मी ती घातलीच नाही," झ्लातिना कुजबुजली. "माझ्या मशीनवर ती असणारच होती, म्हणून लक्षात आलं नाही. पण सर, तुमच्या कोऱ्या मशीनवर केस कसे हलले?"

हाच प्रश्न नेद्याल्कोंना टोचत होता. कंपनीच्या कोपऱ्यात एक कोरा संगणक होता. त्यावर तपासायच्या खेळाखेरीज काहीही घालायचे नाही, म्हणजे परक्या घरी खेळ कसा वागेल ते कळते, हा नियम त्यांनीच केला होता आणि पाटीही स्वतःच्या हाताने लिहून लावली होती. आणि तीन आठवड्यांपूर्वी, जेवणाच्या सुट्टीत, त्याच संगणकावर त्यांनी अस्वलाच्या शिकारीचा एक जुना खेळ घातला होता. त्या खेळातले अस्वल झ्लातिनाच्याच फाईलच्या आधीच्या आवृत्तीवर केस हलवत असे. संध्याकाळी त्यांनी खेळ काढून टाकला; पण असे खेळ जाताना सामायिक फाईल मागे ठेवून जातात, हे विसरले. नव्या खेळाने हाक मारली आणि मागे राहिलेल्या फाईलने मुकाट उत्तर दिले.

झ्लातिनाच्या लॅपटॉपवरून ती फाईल पेनड्राइव्हने इथे आणायला दोन मिनिटे पुरली असती. वायर सैल होती, एवढे म्हटले की विषय मिटला असता.

"म्हणजे पोरीचंच चुकलं," कोस्तादिन टोपी उचलत म्हणाले. "बोकडाचे केस म्हणजे पोरखेळ नाही, बाळ. जा तुम्ही."

"थांबा, कोस्तादिनभाऊ," नेद्याल्को म्हणाले. "यादीत एखादं नाव राहून जाणं कुणाकडूनही होतं. ते पकडायला कंपनीने मला ठेवलंय. मी ते पकडलं नाही, कारण ज्या मशीनवर कुणी खेळू नये असं मीच लिहून ठेवलं, त्यावर मीच अस्वलं मारत बसलो होतो."

झ्लातिनाने आधी डोळे विस्फारले, मग तोंडावर हात दाबला. हसू मात्र बोटांतून सुटलेच.

"सर, तुम्ही?"

"सतरा मारली," नेद्याल्को गंभीरपणे म्हणाले.

कोस्तादिननी टोपी पुन्हा खाली ठेवली. "माझ्या गटात कुणाच्या घंटेचा पट्टा तुटला, तर तो सगळ्यांदेखत सांगतो, मीच नीट बांधला नव्हता. पोरावर ढकलणाऱ्याला मी दुसऱ्या वर्षी झगा देत नाही. आणा ती फाईल."

फाईल जागेवर गेली. खेळ पुन्हा सुरू झाला. कुकेराने उडी मारली आणि पाठीवरचे केस लाटेसारखे उसळून खांद्यावर आदळले. कोस्तादिन पडद्याजवळ गेले, परत आले, पुन्हा गेले. मग झगे ठेवलेल्या मागच्या खोलीत शिरले आणि दहा मिनिटांनी खरा झगा घालून, कमरेला घंटा बांधून बाहेर आले. बहात्तराव्या वर्षी त्यांनी पडद्याशेजारी अशी उडी मारली की खिडक्यांच्या काचा थरथरल्या.

"बघ. मी थांबलो. केस थांबले?"

"नाही, काका."

"तुझे लगेच थांबतात. खालच्या टोकाला वजन कमी धरलंयस तू. पावसात भिजलेला बोकड कधी पाहिलायस?"

"नाही."

"मग तेच पाहायचं राहिलंय." त्यांनी आणखी तीनदा उडी मारली. झ्लातिना फोनवर चित्रण करत राहिली आणि नेद्याल्को घड्याळ लावून, उडी संपल्यापासून शेवटची बट थांबेपर्यंतचे सेकंद वहीत लिहीत राहिले.

शेवटी धापा टाकत कोस्तादिन खुर्चीवर बसले. केसाळ बाहीतून हात बाहेर काढायला त्यांना बराच वेळ लागला. कागदाच्या तळाशी त्यांनी सही केली, आणि सहीच्या वर ठसठशीत अक्षरांत एक ओळ लिहिली: केस वहीतल्या वेळेइतके हलत राहतील, आणि ते तपासायला मी स्वतः येईन.

"कोऱ्या मशीनवर," त्यांनी नेद्याल्कोंकडे पाहत सांगितले.

"उद्याच सगळं पुसून कोरं करून ठेवतो," नेद्याल्को म्हणाले.

"उद्या कशाला? आज परत गेल्यावर पोरीलाच पुसू दे. तुम्ही माझ्याबरोबर जेवायला चला."