आधी उघडून तर बघू!

रविवारी सकाळी बातम्या ऐकता ऐकता डावा स्पीकर फर्रऽऽ करून बसला आणि घरात वादाला तोंड फुटलं.

स्पीकरची ती जोडी वडिलांच्या हौसेची. कमरेइतक्या उंच लाकडी पेट्या, पुढे कापडी जाळी. वडील गेले, स्पीकर मुलाकडे आले. मुलगा विमा कचेरीत कारकून. त्याची बायको चष्म्याच्या दुकानात काचा बसवायची.

"देऊन टाकू भंगारात," तो म्हणाला. "हल्ली मुठीएवढे मिळतात."

"अहो, पण त्याला झालंय काय? मी उघडून बघू?"

"तू? अगं, शॉक बसेल! ते तुझं काम नाही."

खुर्चीतून आईने मान वर केली. "ॲम्प्लिफायर बंद करून वायरी काढल्या तर शॉक कुठून बसेल रे?"

"आई, तुला काय कळतंय त्यातलं?"

"काही कळत नाही. कळणार कसं? तुझे बाबाही हेच म्हणायचे. जन्मभर मी या पेट्यांवरची धूळ पुसली, पण बटणाला बोट लावलं नाही. आत असतं तरी काय, ते म्हातारपणी तरी बघू दे मला!"

मुलगा वरमला. "करा काय हवं ते. मोडलं तर माझ्याकडे यायचं नाही."

सुनेने जाळी काढली, स्क्रू सैल केले आणि कागदाचा मोठा काळा, नरसाळ्यासारखा कोन अलगद बाहेर काढला. कोनाभोवतीची फोमची कड पार कुजली होती. सासूबाईंनी हात लावला तर बोटाला चिकट भुगा!

"एवढंच होय? आणि बाकीचं?"

सुनेने टॉर्चमधला सेल काढला आणि त्याला दोन वायरी लावून स्पीकरच्या टोकांना टेकवल्या. टुक! कोन पुढे सरकला.

"अगोबाई, जिवंत आहे की! सेल उलटा धरला तर?"

उलटा धरला, तर कोन आत गेला. सासूबाईंना एवढी गंमत वाटली, की त्यांनी सेल स्वतःच्या हातात घेतला आणि लहान मुलीसारख्या टुक-टुक करत बसल्या.

उजव्या स्पीकरची कडही तशीच निघाली. फोमच्या नव्या कडा मागवल्या. सुनेने पहिली चिकटवली ती जरा वाकडी बसली. कोन दाबला की आतून खरखर यायची. ती हिरमुसली, पण पुन्हा सगळं सोडवलं. या वेळी आतल्या तारेच्या गुंडाळीभोवती कागदाच्या पट्ट्या खोचून कोन बरोबर मध्यावर आणला, मग गोंद लावला; दुसरीही तशीच बसवली. सासूबाई श्वास रोखून बघत होत्या.

गोंद वाळल्यावर मुलगा पुढे झाला. "वायरी मी जोडतो. तेवढं तरी पुरुषाच्या हातचं असू दे."

त्याने वायरी जोडल्या, गाणं लावलं. आवाज आला, पण पोकळ. ढोलक्याचा ठेका कुठे गायबच!

"सांगितलं नव्हतं? गेली ना मेहनत पाण्यात!"

सुनेचा चेहरा पडला. आईचा आवाज मात्र चढला. "आधी बघावं, मग बोलावं! सूनबाई, आण तो सेल."

वायरी ॲम्प्लिफायरमधून काढून दोन्ही स्पीकरच्या लाल वायरीला सेलची तीच बाजू लावली. उजव्याचा कोन पुढे आला. डाव्याचा आत गेला!

"अहो, डाव्याच्या वायरी उलट्या लागल्यात," सून हळूच म्हणाली. "एक ढकलतो, दुसरा ओढतो. मग ठेका उरणार कसा?"

"जोडल्या कुणी?" आईने विचारलं.

मुलाचे कान लाल झाले. मग त्याचं त्यालाच हसू फुटलं. "चुकलंच माझं," तो म्हणाला आणि वायरी बायकोच्या हातात दिल्या. "तूच जोड. आणि कसं ओळखायचं, ते मलाही दाखव."

या वेळी ठेका असा घुमला की खिडकीची तावदानं थरथरली.

"आई, काय लावू तुझ्यासाठी?"

"तू कशाला लावतोस? सरक बाजूला, मी लावते!"

वाचकहो, 'ते तुझं काम नाही' हे वाक्य आपण किती सहज बोलतो! त्याने वस्तू तर भंगारात जातेच, शिवाय घरातल्या एखादीचं कुतूहल जन्मभर दाराबाहेर उभं राहतं. काम कुणाचं, हे ते करून बघणाऱ्याने ठरवावं. तुमच्या घरातही काहीतरी बिघडलेलं असेल. उघडून बघायला जी कुणी पुढे येईल, तिच्या हातात पेचकस द्या, आणि शेजारी बसून तुम्हीही शिका!