घाटावरचं आइस्क्रीम

“आवं केरबा, ह्यो बरफ वितळला कसा न्हाई?” आप्पासोनं पोत्याचं तोंड उघडून विचारलं आणि केरबा पेचात पडला. तोही मघापासून स्वतःला तेच विचारत होता.

बर्फ सांगलीच्या कारखान्यातून पहाटे उचललेला. भुशात लोळवून, दुहेरी पोत्यात बांधून त्यानं तो आगगाडीनं भिलवडीपर्यंत आणला आणि तिथून बैलगाडीनं या नदीकाठच्या गावात. दिवस वैशाखाचे. निम्मा बर्फ वाटेतच पाणी होणार, हे धरून त्यानं दुप्पट घेतला होता. पण पोत्याला साधी ओलही सुटलेली नव्हती. भुसा कोरडा होता आणि लादीच्या कडा बोटाला कापतील इतक्या धारदार होत्या.

“बांधणी माजी हाय, मंग वितळंल कसा?” केरबा म्हणाला. स्वतःची तारीफ करायला तो कधी लाजत नसे. पण आज ते बोलताना त्याला स्वतःलाच काही खरं वाटलं नाही.

केरबा पलटणीतला स्वयंपाकी. अर्धं आयुष्य साहेबांच्या मेसमध्ये गेलं. लढाई संपली, पेन्शन झाली, तेव्हा मेसमधला जुना आइस्क्रीमचा पॉट तो बरोबर घेऊन आला. लाकडी बादली, तिच्यात कल्हईचा डबा, डब्यात दूध घुसळणारी फळी आणि वर फिरवायचा दांडा. सांगलीतल्या लग्नांत तो हा पॉट फिरवायचा. मंडपात पोरासोरांची गर्दी झाली की मिशीला पीळ देऊन म्हणायचा, “जरनेल साहेबानं खाल्लंय ह्यातलं, हात लावू नगा.” लग्नं, मुंजी, एकदा तर निवडून आलेल्या माणसाची मिरवणूक, सगळीकडे पॉट गेला होता. दहाव्याच्या घाटावर मात्र तो आज पहिल्यांदाच आला होता.

दहावा ज्ञानूचा होता. ज्ञानू त्याच पलटणीतला जवान, चव्वेचाळीस साली ब्रह्मदेशात बेपत्ता झालेला. मेल्याचं कुणी पाहिलं नाही, जिवंत असल्याचं कुणी सांगितलं नाही. दोन वर्षं अशीच गेली आणि मग सरकारनं कळवलं, की मेला असं समजावं. समजावं म्हणे! त्याच्या आईला, धोंडुबाईला, हे समजेना. पण ज्ञानूची बायको शालू वीस वर्षांची. ना सवाशीण ना विधवा, अशी ती उंबऱ्यावर अडकून पडली होती. शेवटी आप्पासोनं, म्हणजे ज्ञानूच्या चुलत्यानं, मनावर घेतलं. पळसाच्या पानांचा पुतळा करून त्याला अग्नी दिला आणि आज दहावा दिवस होता.

आवडीचं म्हणून काय काय ठेवलं होतं पिंडाशेजारी. पुरणपोळी, वांग्याचं भरीत, विडीसुद्धा. आणि आता आइस्क्रीम. ज्ञानू रजेवर आला होता तेव्हा सगळ्या गावाला या गार पदार्थाचं वर्णन ऐकवून गेला होता. खाली आंब्याच्या, केळ्याच्या, पपईच्या फोडी आणि वर पांढराशुभ्र गोळा, जिभेवर ठेवला की नाहीसा. त्याची आवड ती हीच, याबद्दल गावात दुमत नव्हतं. म्हणून तर आप्पासोनं सांगलीला माणूस धाडला.

काठावरच्या उंबरावर कावळे बसले होते. उंबर काळा दिसावा इतके. सकाळपासून ते तिथेच होते. पिंड मांडून झाला, माणसं मागं सरली, हात जोडून झाले, “शालूला आमी अंतर देणार न्हाई, आईला सांभाळतो” असं सगळं बोलून झालं. कावळे बघत राहिले. वाईट हे, की त्यातला एकही ओरडत नव्हता. एवढे कावळे आणि एवढी शांतता केरबानं कधी पाहिली नव्हती. त्याला लढाईतली रानं आठवली, तिथं पाखरं अशी गप्प झाली की माणसं जमिनीला चिकटून बसत.

“दर्भाचा कावळा करू,” भटजी म्हणाले. त्यांना ऊन लागत होतं. “शास्त्रात आहे तसं. दर्भाचा शिवला तरी चालतं.”

“तुमच्या शास्त्राला चालत आसंल,” धोंडुबाई म्हणाली. ती उंबराच्या मुळावर पाठ ताठ करून बसली होती. “गवताचा कावळा शिवला तर मी मानणार न्हाई. खरा शिवत न्हाई, म्हंजी माजा ल्योक जित्ता हाय. तुमी समदी घराकडं जावा.”

तिच्या आवाजात जिंकल्यासारखं काहीतरी होतं. शालू लांब बाभळीखाली पदर ओढून बसली होती, तिनं मान वर केली नाही. गळ्यातलं डोरलं तिनं मुठीत धरलं होतं. कावळा शिवला तर ते आजच उतरायचं होतं आणि न शिवला तर कधी, ते कुणालाच माहीत नव्हतं.

“केरबा, तुमी करा तुमचं काम,” आप्पासो हळूच म्हणाला. “ह्यो शेवटचा उपाय हाय बगा.”

केरबानं बर्फ फोडला. डब्यात आटवलेलं म्हशीचं दूध ओतलं, साखर आधीच विरघळली होती. डब्याच्या भोवती बर्फाचा एक थर, जाड्या मिठाचा एक थर, पुन्हा बर्फ, असं गळ्यापर्यंत भरलं. मग पॉट दोन पायांत धरून तो दांडा फिरवू लागला. बेळगावच्या मेसमध्ये हे काम ज्ञानूचं होतं. फटीगवर, म्हणजे वरकामाच्या पाळीवर आलेलं पोर, हाताला जोर चांगला, केरबानं त्याला ठेवूनच घेतला. समोर मांडी घालून बसायचा, डाव्या हातानं फिरवायचा आणि मधूनच बोटाच्या पेरानं बादलीच्या काठावर टकटक करायचा. “ह्ये काय रं?” असं केरबानं एकदा विचारलं होतं. “काय न्हाई, हात जातोय नुसता,” असं तो हसून म्हणाला होता.

दूध आळू लागलं की दांडा जड होत जातो. शेवटी तर दोन्ही हातांनी रेटावा लागतो, खांदे भरून येतात. केरबा त्याची वाट बघत होता. पण दांडा जड होईना. उलट हलका होत गेला, समोरून कुणीतरी हात लावल्यासारखा. दूध बिघडलं असणार म्हणून त्यानं थांबून झाकण काढलं. आत आइस्क्रीम घट्ट बसलं होतं, फळीला चिकटलं होतं.

त्यानं झाकण लावलं आणि पुन्हा फिरवायला घेतलं. आणि बादलीच्या पलीकडच्या काठावर आवाज झाला. टकटक.

बर्फ बसला असेल खाली, त्यानं मनाशी म्हटलं. बर्फ बसतो, मीठ लागलं की तडकतो, हे त्यानं पन्नास वेळा पाहिलं होतं. पण त्याच्या हातावर काटा आला तो आलाच. उन्हातून, घामातून.

पितळेच्या वाटीत त्यानं फोडी घातल्या. पायरी आंबा, केळं, बांधावरची पपई. वर आइस्क्रीमचा गोळा ठेवला. आप्पासोनं वाटी नेऊन पिंडाशेजारी ठेवली आणि मोठ्यानं म्हणाला, “ज्ञानू, लेका, तुज्या आवडीचं आणलंया. आता तरी घे.”

कावळे हलले. एक भला मोठा डोमकावळा खाली उतरला, उड्या मारत पिंडापाशी आला. कावळ्यानं वाटीकडे पाहिलं, पिंडाकडे पाहिलं. मग मान वळवली आणि धोंडुबाईकडे बघत तो तसाच उभा राहिला. वाट बघावी तसा.

“बगितलं?” धोंडुबाई म्हणाली. “न्हाई शिवत.”

आणि केरबाला एकदम ते आठवलं. इतक्या वर्षांत कधी आठवायचं कारणच पडलं नव्हतं. साहेबांची पानं वाढून झाली की तळाशी उरायचं थोडं. केरबा म्हणायचा, “घे रं गड्या, खा.” ज्ञानू मान हलवायचा. फळीसुद्धा चाटायचा नाही. इतर पोरं त्याची टर उडवायची, तर म्हणायचा, “पयलं माज्या आयेला खायला घालणार, मंग मी खाणार. नेम हाय माजा.” गावाला ज्याचं एवढं वर्णन त्यानं सांगितलं होतं, ते त्यानं कधी तोंडाला लावलंच नव्हतं. आणि इथं सगळ्यांनी त्याची आवड म्हणून ते आधी त्याच्यापुढं ठेवलं होतं.

केरबा उठेना. सांगितलं तर काय होईल ते त्याला समोर दिसत होतं. म्हातारी एवढ्या एका आशेवर दोन वर्षं जगली होती, आणि ती आशा आपल्या तोंडून जायची. दुसऱ्या कुणाच्या तोंडून गेली असती तर बरं, असं त्याला अगदी मनापासून वाटलं. न सांगता पॉट उचलावा, भाडं घ्यावं, संध्याकाळची गाडी धरावी. तो खाली वाकलासुद्धा पॉट उचलायला. बादलीवर पुन्हा वाजलं. टकटक. जरा घाईनं.

“वैनी,” तो धोंडुबाईसमोर जाऊन बसला. “एक बोलू का? ज्ञानूनं ह्ये कवाच खाल्लं न्हाई.”

“आँ?”

“नेम हुता त्येचा. पयलं आयेनं खायाचं, मंग त्येनं. म्या लय डाव दिलं, न्हाई म्हनला त्यो.”

कावळा तिच्याकडे बघत होता. शालू बाभळीखालून उठून जवळ आली होती. तिनं काही मागितलं नाही. नुसती उभी राहिली.

“म्हंजी म्या खाल्लं तर...” धोंडुबाईनं वाक्य सोडून दिलं.

“व्हय.”

“आन न्हाई खाल्लं तर?”

“तर त्यो बसंल वाट बगत,” केरबा म्हणाला. “उपाशी.”

त्यानं दुसरी वाटी भरून तिच्या हातात दिली. तिनं ती कितीतरी वेळ नुसती धरली. सकाळपासून काहीच वितळलं नव्हतं, ते आइस्क्रीम आता तिच्या हातात वितळायला लागलं, कडेनं दूध पिवळ्या फोडींत उतरलं. आप्पासो काही बोलायला पुढं आला, तेवढ्यात केरबानं त्याला डोळ्यांनी दटावलं.

धोंडुबाईनं शालूकडे पाहिलं. मग कावळ्याकडे.

“भूक लागली व्हय रं?” ती त्याला म्हणाली आणि बोटांनीच एक घास उचलून तोंडात घातला. थंडीनं तिचे डोळे मिटले. “आगं बया. लय गार.”

कावळ्यानं चोच पिंडात घातली.

मग उंबरावरचे सगळे कावळे एकदम ओरडू लागले आणि घाटावर माणसांचा आवाज परत आला. भटजींनी घाई केली, आप्पासो डोळे पुसत नदीत उतरला. बायकांनी शालूला मधे घेतलं. धोंडुबाई तिकडे गेली नाही. तिनं वाटी संपवली, एकही फोड टाकली नाही, आणि नदीत खळबळून केरबाला परत दिली.

केरबा बादली रिकामी करत होता. बर्फाचं आता निव्वळ पाणी झालं होतं.

“कुठं बसायचा त्यो?” तिनं विचारलं.

केरबानं समोरची जागा दाखवली. ती मांडी घालून बसली आणि तिनं दांड्याला हात घातला. डावा. रिकामा डबा घरघरत फिरू लागला. थोडं फिरवून तिनं बोटाच्या पेरानं बादलीच्या काठावर टकटक केलं.

केरबाच्या हातातलं मिठाचं पोतं खाली पडलं. “वैनी, ह्ये काय?”

“काय न्हाई. जात्यावरची सवय. दाणं अडकू न्हाईत म्हून ठोकते.” ती फिरवतच होती. “दळताना त्यो समूर बसायचा. म्या ठोकलं की त्यो बी ठोकायचा.”

तिनं पुन्हा टकटक केलं आणि हात थांबवला. केरबाही थांबला. दोघं बादलीच्या पलीकडच्या काठाकडे बघत बसले. नदीचा आवाज येत होता. समोरून काही वाजलं नाही.