लिफ्टमधला एकांत

बँकेत कॅशियरबाईंना हसताना कुणी पाहिलं नव्हतं. पण संध्याकाळी घरी परतताना लिफ्टमध्ये एकट्या असल्या, की दार मिटताच त्या पर्स काखोटीला मारायच्या आणि नवव्या मजल्यापर्यंत बेभान नाचायच्या. दिवसभरात एकांत मिळायचा तो तेवढाच. दार उघडलं, की चेहऱ्याला पुन्हा कडक इस्त्री.

एकदा त्या घरात शिरल्या, तर सासूबाई टीव्हीसमोर टाळ्या पिटत होत्या.

"अगं, आज गिरकी काय झकास घेतलीस!"

टीव्हीवर रिकामी लिफ्ट दिसत होती. चोरांच्या भीतीने सोसायटीने तिथे कॅमेरा बसवला होता, आणि सेक्रेटरींच्या हौसेपायी त्याचं चित्र आता घरोघरी टीव्हीवर दिसत होतं. सगळी बिल्डिंग रोज बाईंची वाट बघत बसायची!

"आई, मला सांगितलं का नाहीत?"

"सांगितलं असतं, तर नाचली असतीस का?"

बाईंना आधी मेल्याहून मेल्यासारखं झालं. मग असा राग आला, की त्या तडक सोसायटीच्या सभेतच उभ्या राहिल्या. "वॉचमनने बघावं, माझी ना नाही. पण माझ्या नाचाचं घरबसल्या तिकीट तुम्हाला कुणी दिलं?"

सेक्रेटरी मिश्किल हसले. "अहो, ज्याच्या मनात चोर नाही, त्याने कॅमेऱ्याला कशाला भ्यायचं?"

"अगदी बरोबर," म्हणत सासूबाई उठल्या. "परवा एक गृहस्थ लिफ्टच्या आरशात पोट आत ओढून स्वतःलाच डोळा मारत होते. त्यांचं नाव..."

"मतदान घेऊ या!" सेक्रेटरी किंचाळले.

चौथ्या मजल्यावरच्या दंतवैद्यांना जोराचा ठसका लागला. भराभर हात वर झाले. दंतवैद्यांचे तर दोन्ही. सेक्रेटरींनी स्वतः स्टुलावर चढून टीव्हीकडे जाणारी वायर उपटली.

सासू-सून लिफ्टमध्ये शिरल्या. दार मिटलं.

"आता नक्की कुणी बघत नाही ना?"

"वॉचमन सोडून कुणी नाही, आई."

"तो आपलाच आहे. मग शिकव की मला ती गिरकी!"

नववा मजला आला आणि गेला. त्या पुन्हा खाली, पुन्हा वर. चौथ्यावर दार उघडलं, तर दंतवैद्य उभे. दोघींचे केस विस्कटलेले, सासूबाईंची एक चप्पल कोपऱ्यात.

"येताय का?" सासूबाईंनी धापा टाकत विचारलं.

दंतवैद्यांनी इकडेतिकडे पाहिलं, चष्मा खिशात घातला आणि ते टुणकन उडी मारून आत आले.