विहिरीतली शीळ

थॉमसिन पेनगेली संशयी आहे, हे मूंट्याच्या खाणवस्तीत कुणाला सांगावं लागत नसे. दूधवाल्याने दूध घातलं की ती बोट बुडवून बघायची. पाद्रीबाबांनी प्रार्थना लांबवली, की हे आज काय लपवतायत, असं तिच्या मनात यायचं. त्यामुळे वेल्बीसाहेबांनी माझ्या पोराला वाळवंटात टाकून दिलं, असं ती म्हणायला लागली तेव्हा लोकांनी कानाडोळा केला.

ऑगस्टस वेल्बी म्हणजे त्या काळचं मोठं प्रस्थ. ॲडलेडहून उंट घेऊन पश्चिमेच्या वाळवंटात शिरले, एकटेच परत आले आणि त्या प्रवासावर जाडजूड पुस्तक लिहून पार लंडनपर्यंत गाजले. त्यांच्याबरोबर गेलेला थॉमसिनचा एकुलता एक जेबेझ मात्र परत आला नाही. पाद्रीबाबा चर्चमध्ये ते पुस्तक वाचून दाखवत. जेबेझचा शेवट आला, तेव्हा तांब्याच्या खाणीत उभा जन्म घातलेले बाप्ये डोळे पुसू लागले. साहेबांच्या मांडीवर डोकं ठेवून, स्तोत्र गात तो देवाघरी गेला, असं त्यात होतं. आता तेच शब्द त्याच्या आठवणीच्या दगडावर कोरले होते, आणि रविवारी तो दगड चर्चच्या अंगणात बसवायला खुद्द साहेब येणार होते.

स्तोत्राचं ऐकून थॉमसिनलाही बरं वाटलं होतं. पोरगं देवाचं नाव घेत गेलं, एवढं तरी. पण त्याआधीच्या प्रकरणातलं एक वाक्य तिच्या घशात अडकलं होतं. एका कोरड्या विहिरीत पाणी शोधायला जेबेझ दोराने खाली उतरला आणि मजेत शीळ घालत खणत राहिला म्हणे.

शीळ! आणि तीही जमिनीखाली! कॉर्नवॉलहून आलेल्या खाणवाल्यांच्या घरात पोर धड चालायला लागायच्या आधी शिकतं, की खाली शीळ घालायची नाही. खाली राहणारी भुतं जागी होतात आणि खाणीचं छत बसतं. ते वाक्य वाचलं गेलं तेव्हा बाकांखाली पाय घासल्याचे आवाज झाले.

"अगं, लिहिणारे थोडं पदरचं घालतातच," शेजारची केझाया तिला म्हणाली. "आपण मीठ घालतो ना, तसं."

"मीठ? हे लिहिणाऱ्याने माझ्या पोराला विहिरीत उतरताना बघितलेलंच नाही. म्हणजे तेव्हा जेबेझ बरोबर नव्हताच. मग कुठे होता? सांग की!"

"काय तुझं डोकं! उद्या म्हणशील, साहेबांनी त्याला खाल्लं."

"त्याच्या वाटचं पाणी तर नक्की प्यायले. परत आले तेव्हाचं चित्र बघितलंस ना पेपरात? गालावर मांस होतं."

केझायाने कपाळावर हात मारला. थॉमसिनचं मात्र ठरलं होतं. साहेबांकडून कबुली काढायची आणि तो खोटा दगड बसू द्यायचा नाही.

शनिवारी दुपारी साहेब तिच्याकडे चहाला आले. उंच, पाठीत वाकलेले. कप उचलताना बशीत चहा सांडला. मनात पाप आहे, थॉमसिनने ठरवून टाकलं. तिने केशर घालून भाजलेल्या पावालाही त्यांनी हात लावला नाही. तेही तिने बघून ठेवलं.

"विहिरीचं सांगा," ती म्हणाली.

"कुठली विहीर, बाई?"

"जिच्यात माझा जेबेझ शीळ घालत होता ती. खाणवाल्याचा मुलगा जमिनीखाली शीळ घालत नाही, साहेब. जीव गेला तरी नाही. तुम्ही त्याला आधीच कुठेतरी सोडलंत आणि पुस्तकात तेवढा जिवंत ठेवलात. खरं की नाही?"

साहेबांनी कप खाली ठेवला. आता सापडले, तिला वाटलं.

"तुमची ही रीत मला ठाऊक होती," ते म्हणाले. "मी काठावरून ओरडलोसुद्धा, अरे, तुम्ही लोक खाली शीळ घालत नाही ना? तो वर बघून हसला. म्हणाला, माझ्या बापाने जन्मात घातली नाही, तरी त्याच्यावर छत बसलंच. आणि..."

"आणि काय? बोला ना!"

"म्हणाला, बाप गेला त्या संध्याकाळी आईने मला चुलीपाशी उभं केलं आणि विचारलं, खाली शीळ घातलीस ती तूच ना?"

थॉमसिनने चुलीकडे बघितलं. ते तिने एकदाच विचारलं होतं, दार लावून. घरात ती आणि नुकता खाणीत जायला लागलेला जेबेझ, तिसरं कुणी नव्हतं. पोराने उत्तर दिलं नाही. पुढेही तो घरात फारसा बोललाच नाही, आणि अंगात बळ आल्यावर उंटांमागे निघून गेला. हे तिने केझायालाही कधी सांगितलं नव्हतं. साहेबांना कळलं असेल तर जेबेझच्याच तोंडून. समोरचा माणूस खुनी निघाला असता तर परवडलं असतं, असं तिला वाटून गेलं.

"मग... छत?" तिने विचारलं.

"काही झालं नाही. उलट पाणी लागलं. मचूळ होतं, पण पाणी होतं. त्याच्यावरच मी परत आलो. त्याला आधीच आव लागली होती, पोटात काही टिकत नव्हतं."

"आणि स्तोत्र?"

"ते मी घातलं. शेवटी शेवटी तो बोलतच नव्हता, बाई. छापणारे म्हणाले, त्याच्या आईसाठी काहीतरी हवं."

थॉमसिन ॲप्रन तोंडावर घेऊन रडली. आवाज दाबायचा तिने प्रयत्नही केला नाही. साहेब अवघडून उभे राहिले.

"नवी आवृत्ती निघते आहे," ते हळूच म्हणाले. "ते शीळ घालण्याचं वाक्य काढून टाकतो. तुम्हाला उगाच त्रास."

"हात लावू नका त्याला!" ती ताडकन उठली. "काढायचं तर स्तोत्र काढा. दगडावरूनही घासून काढायला लावते, पाद्रीबाबांना काय म्हणायचं ते म्हणू दे. आणि उद्या सगळ्यांसमोर उभं राहून तुम्ही सांगायचं, की माझं पोर खाली शीळ घालत होतं, आणि का घालत होतं."

"म्हणजे तुम्ही त्याला जे विचारलं होतं, तेही?"

"तेच आधी," थॉमसिन म्हणाली.